सही आधी झाली, पुस्तक नंतर आलं: नागपुरातल्या एका हस्तलिखिताचं प्रकरण

एका मोठ्या तंत्रज्ञान कंपनीसाठी मराठी आणि हिंदी मजकूर तपासण्याचं काम केलेल्या नागपूरच्या एका तरुणीने आपल्या नोकरीवर पुस्तक लिहिलं. ते छापता येईल का, हा प्रश्न घेऊन ती माझ्याकडे आली. मी नागपुरात नोकरी आणि करारांच्या वादांची वकिली करते. तिच्या संमतीने हे प्रकरण मांडते आहे. तिची ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. ज्या कंपनीसाठी काम चालायचं ती आणि जिच्या पगारपत्रकावर ती होती ती कंत्राटी कंपनी, दोन्हींची नावं इथे येणार नाहीत. कायद्याची बाजू मात्र जशी आहे तशीच ठेवली आहे, कारण मिहानमध्ये, परसोडीच्या आयटी पार्कमध्ये किंवा घरून काम करणाऱ्या कितीतरी जणांच्या कागदांत हीच कलमं असतात आणि ती सही करण्याआधी क्वचितच कोणी वाचतं.

काम असं होतं. लोकांनी तक्रार केलेल्या पोस्ट, फोटो, व्हिडिओ एकामागून एक पडद्यावर यायचे आणि काही सेकंदांत ठरवायचं: ठेवायचं, काढायचं की वरच्या टीमकडे पाठवायचं. आधी हैदराबादच्या ऑफिसात, कोविडनंतर बेशाच्या घरातून. नियमपुस्तिका इंग्रजीत आणि तिच्यातली उदाहरणं बहुतेक अमेरिकेतली. विदर्भातल्या कुठल्याही गावात ज्या जातिवाचक शिव्या ऐकून माणूस पेटून उठेल, त्यातल्या अनेक यादीतच नव्हत्या. यादीत नाही म्हणजे मजकूर ठेवायचा. तिने काढला तर तिची अचूकता घसरायची आणि अचूकता घसरली की महिन्याचा इन्सेंटिव्ह जायचा. वऱ्हाडीतल्या धमक्या गंमत म्हणून सुटायच्या. तिने यावर टिपणं लिहून वर पाठवली. उत्तर आलं की आलं नाही, हे तिच्या पुस्तकाच्या मधल्या भागाचं सगळं सूत्र आहे. बाकी भाग तिच्या शरीराचा: रक्ताचे व्हिडिओ पाहून न येणारी झोप, ताटावर बसल्यावर उठून जाणं, आईशी विनाकारण तुटक बोलणं.

हस्तलिखित वाचताना मला ते खरं वाटलं, आणि महत्त्वाचंही. फेसबुकची माजी कर्मचारी फ्रान्सेस हॉगन हिने फेसबुकमधून बाहेर आणलेल्या कागदपत्रांवरून २०२१च्या ऑक्टोबरमध्ये अमेरिकी वर्तमानपत्रांत बातम्या आल्या. भारताच्या २२ अधिकृत भाषांपैकी ५ भाषांतच कंपनीची स्वयंचलित यंत्रणा शिकवलेली होती आणि खोट्या माहितीच्या वर्गीकरणावरच्या जगभराच्या खर्चातला ८७ टक्के वाटा अमेरिकेसाठी होता, असं त्यांत होतं. हा आकडा अपुरा आहे, त्यात इतर देशांतले बाहेरचे तथ्यतपासनीस धरलेले नाहीत, असं कंपनीचं म्हणणं होतं. आकड्यावर वाद घालता येतो. त्या पाच भाषांच्या आत-बाहेर बसून मजकूर तपासणारा माणूस काय पाहतो, याची मराठीतली साक्ष मी तरी याआधी वाचलेली नव्हती.

तीन पानांचा कागद

माझ्याकडे येताना तिने हस्तलिखित आणलं होतं. मी आधी मागितला तो नोकरी सोडतानाचा कागद. तो तिच्या मेलमध्ये होता, तीन पानांचा, सेपरेशन अ‍ॅग्रीमेंट. टीमच बंद होत असल्याचं सकाळच्या कॉलवर सांगितलं गेलं. काही महिन्यांच्या पगाराइतकी रक्कम मिळेल, मात्र कागद ठरल्या मुदतीत परत यायला हवा, असंही सांगितलं. तिने फोनवरच डिजिटल सही केली. तेव्हा घरात बाबांच्या गुडघ्याच्या ऑपरेशनची तारीख ठरलेली होती आणि फ्लॅटचा हप्ता चालू होता.

कागदात चार गोष्टी होत्या. कंपनीची गोपनीय माहिती कुठल्याही स्वरूपात उघड करायची नाही. कंपनी, तिचे ग्राहक आणि अधिकारी यांच्याबद्दल प्रतिकूल काही बोलायचं किंवा लिहायचं नाही. यातलं काही मोडलं तर मिळालेली रक्कम परत आणि वर एक ठोक भरपाई. वाद झाला तर न्यायालयात न जाता लवाद, म्हणजे खासगी पंचाचा निवाडा, ठिकाण बेंगळुरू, आणि तातडीच्या लवादाची, म्हणजे मुख्य लवाद बसण्याआधीच तात्पुरता आदेश देणाऱ्या पंचाची, सोय असलेल्या संस्थेचे नियम लागू.

बाबा सोबत आले होते. वीज मंडळातून निवृत्त झालेला सरळ माणूस. म्हणाले, "मॅडम, तिनं काही खोटं लिहिलं का? खरं लिहिलं तर भ्यायचं काहून?"

या प्रश्नावर आम्ही सगळ्यात जास्त वेळ बोललो. बदनामीच्या दाव्यात खरेपणा ही ढाल आहे. फौजदारी बाजूला, म्हणजे पूर्वीच्या दंड संहितेच्या कलम ४९९ आणि आता भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६खाली, खरेपणाबरोबर लोकहितही दाखवावं लागतं. पण तिच्यापुढचा पहिला धोका बदनामीचा नव्हताच. प्रतिकूल बोलणार नाही असं ज्याने लिहून दिलं आहे, त्याला विधान खरं की खोटं असं लवाद विचारत बसत नाही. विधान प्रतिकूल आहे का, एवढंच पाहतो. खरं बोलण्याचा हक्क तिने रकमेच्या बदल्यात सोडून दिला होता, आणि तो सोडताना तिला तो हक्क आहे हेही कोणी सांगितलं नव्हतं. बाबांना हे पटायला वेळ लागला. मलाही हे सांगताना बरं वाटत नव्हतं.

ती ज्या पुस्तकाकडे पाहून धीर धरून होती

तिच्या धीराला कारण होतं सारा विन-विल्यम्स यांचं 'केअरलेस पीपल' हे फेसबुकमधल्या नोकरीच्या आठवणींचं पुस्तक. न्यूझीलंडच्या परराष्ट्र सेवेतून आलेल्या या बाई २०११ ते २०१७ फेसबुकमध्ये जागतिक धोरणाचं काम पाहत होत्या. पुस्तक ११ मार्च २०२५ला बाजारात आलं आणि न्यूयॉर्क टाइम्सच्या खपाच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं. पुस्तकातले आरोप जुने आणि खोटे आहेत आणि त्यांना कामगिरी व वर्तनामुळे काढलं होतं, असं कंपनीने सांगितलं. माझ्या अशीलाचा हिशोब सोपा होता: इतक्या मोठ्या कंपनीला ते पुस्तक थांबवता आलं नाही, तर आपलं मराठी पुस्तक कोण थांबवणार?

पुस्तक थांबलं नाही, हे खरं. लेखिका थांबली. प्रकाशनाच्या दुसऱ्याच दिवशी, १२ मार्चला, अमेरिकेतल्या तातडीच्या लवादाने आदेश दिला: लेखिकेने पुस्तकाचा प्रचार करायचा नाही, आणि तिच्या हातात असेल तितपत प्रसारही थांबवायचा. आधार होता २०१७मध्ये नोकरी सुटताना सही केलेल्या करारातलं प्रतिकूल न बोलण्याचं कलम. प्रकाशक त्या करारात पक्षकार नव्हता, म्हणून त्याच्यावर आदेश चालला नाही आणि पुस्तकं दुकानांत राहिली. आपल्याच पुस्तकाबद्दल मुलाखत द्यायला लेखिकेला मनाई, आणि पुस्तक मात्र विक्रीला.

पुढचा भाग माझ्या अशीलाच्या नजरेतून सुटला होता. आदेशानंतर महिनाभराच्या आत, ९ एप्रिल २०२५ला, त्याच लेखिकेने अमेरिकी सिनेटच्या उपसमितीपुढे कंपनीच्या चीनविषयक धोरणाबद्दल शपथेवर साक्ष दिली. त्याच विषयावर अमेरिकेच्या रोखे आयोगाकडे, म्हणजे तिथल्या शेअर बाजारावर देखरेख करणाऱ्या सरकारी संस्थेकडे, त्यांची तक्रार पुस्तकाच्या आधीपासून होती. कायद्याने नेमलेल्या संस्थेपुढे बोलणं आणि वाचकांपुढे बोलणं यांना तिथला कायदा वेगळं तोलतो. रोखे आयोगाकडे जाण्यापासून कोणालाही करारानेसुद्धा अडवता येत नाही, असा तिथे स्पष्ट नियम आहे. हॉगन यांनीही आधी तक्रारी दाखल केल्या, ५ ऑक्टोबर २०२१ला सिनेटपुढे साक्ष दिली आणि आठवणींचं पुस्तक २०२३मध्ये काढलं. जागल्यांच्या, म्हणजे आतला गैरकारभार बाहेर सांगणाऱ्यांच्या, आठवणींची जी पुस्तकं आपण वाचतो त्यांच्यामागे बहुधा अशी एक तक्रार आधी झालेली असते. पुस्तकात तिला दोन पानं मिळतात आणि वाचक ती भरभर उलटतो.

सोफी झँग यांचं उदाहरण मी मुद्दाम सांगितलं. फेसबुकमध्ये खोट्या खात्यांचं राजकारण शोधणाऱ्या या तंत्रज्ञ बाईंना २०२०च्या सप्टेंबरमध्ये काढलं. प्रतिकूल न बोलण्याच्या कलमावर सही करायची नाही म्हणून त्यांनी ६४,००० डॉलर नाकारले. त्यामुळे पुढे त्या भारतातल्या खोट्या खात्यांबद्दलही मोकळेपणाने बोलू शकल्या. हे ऐकून अशील बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "मॅडम, मला कोणी सांगितलं असतं, तरी मी सही केलीच असती. बाबांचं ऑपरेशन होतं."

ती बरोबर बोलत होती. असे पैसे नाकारू शकणारे लोक थोडे असतात, आणि ज्यांनी सही केली त्यांना भित्रं म्हणणाऱ्यांबद्दल मला आदर नाही. मोठ्या कंपन्यांच्या आतलं किती बाहेर येतं, हे नोकरी जाते त्या आठवड्यात घरात किती पैसे आहेत यावर ठरतं. पुस्तक लिहिण्याचं धैर्य नंतर लागतं, आणि ते अनेकांकडे असतं.

आपल्याकडे हे होऊ शकतं का?

होऊ शकतं. लवादाचा १९९६चा कायदा कलम ९ने न्यायालयाला आणि कलम १७ने लवादाला अंतरिम मनाई देण्याचा अधिकार देतो. तातडीच्या लवादाचा आदेश भारतात बजावता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने ६ ऑगस्ट २०२१ला अ‍ॅमेझॉन आणि फ्यूचर रिटेल यांच्या वादात सांगून टाकलं. तो वाद दुकानांच्या मालकीचा होता, पण तत्त्व लेखिकेलाही लागू पडेल. तिच्या कागदातलं लवादाचं कलम वाचून मला पहिली काळजी याचीच वाटली.

लेखकाच्या बाजूने काही निकाल आहेत, आणि ते चांगले आहेत. १९९४चा राजगोपाल खटला तर आत्मचरित्राचाच. ऑटो शंकर या फाशीच्या कैद्याने तुरुंगात लिहिलेली, अधिकाऱ्यांशी असलेले लागेबांधे सांगणारी जीवनकथा 'नक्कीरन' हे तमिळ साप्ताहिक छापणार होतं. छापण्याआधी सरकारला ते अडवता येणार नाही, बदनामी झाली असेल तर नंतर दावा करा, असं न्यायालयाने ठरवलं. २२ मार्च २०२४ला ब्लूमबर्ग या वृत्तसंस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा बजावलं की पूर्ण सुनावणीआधी लेखन रोखण्याचे आदेश अपवादानेच द्यावेत. पण राजगोपालमध्ये समोर सरकार होतं आणि ब्लूमबर्गमध्ये बदनामीचा आरोप. दोन्हीकडे लेखकाने स्वतः गप्प राहण्याचं लिहून दिलेलं नव्हतं. माझ्या अशीलाने दिलं होतं. या निकालांचा आधार मी युक्तिवादात नक्की घेईन, त्यांच्यावर विसंबून तिला पुस्तक काढायला सांगणार नाही.

करार कायद्याच्या कलम ७४ने थोडा दिलासा मिळतो. कागदात भरपाईचा कितीही आकडा लिहिला तरी न्यायालय वाजवी भरपाईच देतं, आणि लिहिलेला आकडा ही त्याची वरची मर्यादा. गुन्हा लपवण्यासाठी केलेला करार कलम २३पुढे टिकत नाही, पण नियमपुस्तिका अपुरी असणं हा गुन्हा नव्हे.

जागल्यांच्या संरक्षणाचा कायदा आपल्याकडे आहे ना, असं तिने विचारलं. २०१४च्या मे महिन्यात राष्ट्रपतींची सही झाली, पण तो कायदा अजून लागू केलेला नाही. लागू झाला तरी तो सार्वजनिक सेवकांविरुद्धच्या तक्रारींचा आहे; खासगी कंपनीतल्या माणसाला त्याचा उपयोग नाही. खासगी क्षेत्रासाठी उरतं कंपनी कायदा २०१३चं कलम १७७. शेअर बाजारात नोंदलेल्या, लोकांकडून ठेवी घेणाऱ्या किंवा बँका आणि वित्तसंस्थांकडून ५० कोटींपेक्षा जास्त कर्ज घेतलेल्या कंपन्यांना तक्रार ऐकण्याची यंत्रणा ठेवावी लागते, आणि गरज पडल्यास थेट लेखापरीक्षण समितीच्या अध्यक्षांकडे जाता यावं लागतं. तिची कंत्राटी कंपनी नोंदलेली निघाली. तिच्या धोरणात माजी कर्मचाऱ्यांच्या तक्रारी घेण्याची तरतूदही सापडली. ते धोरण कंपनीच्याच संकेतस्थळावर होतं, आणि नोकरीच्या सगळ्या वर्षांत तिला कोणी ते दाखवलं नव्हतं.

हस्तलिखितावर बसल्यावर

आम्ही धंतोलीतल्या माझ्या ऑफिसात पान-पान वाचलं. काही पानांवर खऱ्या माणसांच्या पोस्ट जशाच्या तशा होत्या, नावगावासकट. ती पानं मी लगेच बाजूला काढली. कामाच्या कराराने हाती आलेली दुसऱ्याची खासगी माहिती संमतीशिवाय, कोणाचं नुकसान होईल हे माहीत असून उघड केली, तर माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ७२ अ खाली पंचवीस लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. आणि कायदा बाजूला ठेवला तरी, ज्या पोरीचा व्हिडिओ कोणीतरी सूड म्हणून टाकला, तिला पुस्तकात पुन्हा का उभं करायचं? अशीलाला हे क्षणात पटलं. सहकाऱ्यांच्या आजारांची आणि रडण्याची वर्णनं त्यांना विचारल्याशिवाय ठेवायची नाहीत, हेही पटलं.

भांडण झालं ते नियमपुस्तिकेच्या प्रकरणावर. त्यात आतल्या सॉफ्टवेअरची नावं होती, रांगेतले आकडे होते, नियमांची वाक्यं होती. ती गोपनीय माहितीच्या व्याख्येत सरळ बसत होती. मी काढायला सांगितलं तेव्हा ती चिडली. "मग उरतं काय? मी रडले, एवढंच?" तिचा राग योग्य होता. आकड्यांशिवाय आरोप पोकळ वाटतो आणि वाचक म्हणतो, बाई भावनाप्रधान आहे. त्या दिवशी आम्ही काहीच न ठरवता उठलो.

मार्ग तिनेच काढला. आकडे आणि नियम पुस्तकातून काढून ती तक्रारीत घालणार. तक्रार त्या माहितीसाठी योग्य जागा आहे: वाचणारा त्याच कंपनीचा, गोपनीयता भंग होत नाही आणि उत्तर देण्याची जबाबदारी कंपनीवर येते. रात्री घरी लिहिलेली तिची डायरी तारीखवार होती. त्या डायरीवरून तिने सोळा पानांचं निवेदन लिहिलं. त्यात विशेषणं नव्हती. माझ्या मते पुस्तकापेक्षा ते जास्त भेदक झालं.

अमेरिकेच्या रोखे आयोगाकडे जावं का, याचाही विचार केला. तिथे कुठल्याही देशातल्या माणसाला तक्रार करता येते. पण कंपनीने गुंतवणूकदारांची दिशाभूल केली हे दाखवावं लागतं, आणि तिच्याकडे कंपनीचा एकही कागद नव्हता. तिने काहीच सोबत आणलं नव्हतं, आणि ते तिच्यासाठी बरंच झालं. तो मार्ग मी सुचवला नाही. संसदेच्या माहिती तंत्रज्ञानविषयक स्थायी समितीला मराठी मजकुराच्या तपासणीबद्दल सर्वसाधारण निवेदन द्यावं, कंपनीचा तपशील न देता, हे सुचवलं. तिने दिलं.

बर्डीवरच्या प्रकाशकांना पुस्तक आवडलं होतं. त्यांचा सल्ला होता, कादंबरी करून टाका. अशीलाने नकार दिला आणि मी तिच्या बाजूने बोलले. वाचणाऱ्याला कंपनी ओळखू आली तर कादंबरीचं लेबल कराराच्या दाव्यात वाचवत नाही, आणि कादंबरी झाली की साक्ष म्हणून तिचं मोल जातं. दोन्हीकडून तोटा. कंपनीचं नाव न घेता, स्वतःच्या नावाने, स्वतःच्या अनुभवापुरतं लिहायचं, असं ठरलं. धोका संपलेला नाही. तो तिला माहीत आहे. नोकरी सुटताना मिळालेल्या रकमेइतके पैसे तिने बँकेत वेगळे ठेवले आहेत आणि त्यांना हात लावायचा नाही असं बाबांना सांगितलं आहे.

मग प्रकाशनाचा करार हातात आला, आणि त्यातही एक कलम होतं जे मराठी लेखक सहसा वाचत नाहीत: पुस्तकामुळे कोणताही दावा झाला तर प्रकाशकाचा सगळा खर्च लेखकाने भरायचा, मर्यादा नाही. कंपनीच्या कागदाने तिला एकदा बांधलं होतं, हा कागद दुसऱ्यांदा बांधत होता. प्रकाशकांशी बसून बोललो. सज्जन गृहस्थ, कलम वर्षानुवर्षं छापलेलं होतं, त्यांनी स्वतःही त्याकडे पाहिलं नव्हतं. आता लेखिकेची जबाबदारी तिला मिळालेल्या मानधनापुरती आहे आणि वकिलाकडून वाचून घेण्याचा खर्च निम्मा-निम्मा.

या प्रकरणानंतर नोकरी जात असलेले काही जण सही करण्याआधी कागद घेऊन माझ्याकडे आले. कलम पूर्ण काढून टाकायला कंपन्या सहसा तयार होत नाहीत. एक वाक्य घालायला मात्र तयार होतात, असा माझा अनुभव आहे, म्हणून ते इथे देते: "या करारातील कोणतीही अट कायद्याने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, तपास यंत्रणेकडे, न्यायालयात किंवा कंपनीच्या तक्रार यंत्रणेकडे स्वतःहून माहिती देण्यास आड येणार नाही." यातलं 'स्वतःहून' सोडू नका. माझ्या अशीलाच्या कागदात फक्त कायद्याने भाग पाडल्यास माहिती देण्याची मुभा होती, म्हणजे समन्स येईपर्यंत गप्प. शेअर बाजाराची नियामक संस्था असलेल्या सेबीच्या इन्सायडर ट्रेडिंगच्या (आतल्या माहितीवर केलेल्या शेअर-व्यवहारांच्या) नियमांत २०१९पासून अशी सोय आहे: सेबीकडे जाण्यापासून अडवणारी अट मुळातच निरर्थक. बाकी क्षेत्रांत तसा नियम होईपर्यंत हे वाक्य ज्याचं त्याने मागून घ्यावं.

तक्रारीची पोच आली आहे आणि लेखापरीक्षण समितीपुढे ती ठेवल्याचं एक पत्रही. त्यांच्याच धोरणात उत्तराची मुदत दिलेली आहे. ती संपेपर्यंत पुस्तक छापायला द्यायचं नाही, असं अशीलाने ठरवलं आहे आणि प्रकाशकांनी ते मान्य केलं आहे. उत्तर आलं तर त्यावर, नाही आलं तर न येण्यावर, तिला शेवटचं प्रकरण लिहायचं आहे. त्या प्रकरणात काय घालता येईल हे मी उत्तर पाहूनच सांगेन.